दिव्यातलं जुनं ऊन

एच. जी. वेल्सच्या यंत्राला बसायला खोगीर होतं. निकेल, पितळ, हस्तिदंत आणि स्फटिक यांचं ते यंत्र. त्याला दोन दांडे. एक दाबला की पुढचा काळ, दुसरा दाबला की मागचा. 1895 सालची वेल्सची ती कादंबरी मराठीतून माझ्या हाती आली तेव्हा मी आठवीत होतो आणि आम्ही चंद्रपूरला ऊर्जानगरात राहत होतो. बाबा थर्मलमध्ये, म्हणजे तिथल्या वीज केंद्रात. अंगणातल्या तुळशीवर रोज राखेचा पातळ थर बसायचा. सकाळी पाणी घालताना आई एकेक पान बोटांनी धुवायची.

त्या वर्षी आजी गेली होती. पुस्तकातला प्रवासी आठ लाख वर्षं पुढे गेला, मला मात्र दुसऱ्या दांड्याशीच काम होतं. फार मागे जायचं नव्हतं. मूल या गावातल्या घरातली एक संध्याकाळ पुरली असती.

आजीकडेही एक गोष्ट होती, यंत्र नसलेली. राजा ककुद्मी आपल्या मुलीला, रेवतीला घेऊन ब्रह्मलोकी जातो, तिच्यासाठी कोणता वर योग्य हे विचारायला. तिथे गंधर्वांचं गाणं चाललेलं असतं. मध्येच कसं बोलायचं, म्हणून तो थांबतो. गाणं संपतं, तो विचारतो, आणि ब्रह्मदेव हसून सांगतात, तू मनात धरलेली स्थळं केव्हाच गेली, त्यांची मुलं-नातवंडंही गेली. खाली सत्तावीस चतुर्युगं उलटली. पुढे रेवतीचं बलरामाशी लग्न होतं, पण मी तिथवर कधी नीट ऐकलंच नाही. मी विचारायचो, ‘‘मग राजाचं घर?’’ आजी म्हणायची, ‘‘आता घर कुठचं राह्यते, बाबू!’’

जगातल्या काळप्रवासाच्या सगळ्या गोष्टींत मला हीच सर्वांत खरी वाटते. गाणं ऐकण्याएवढा वेळ, आणि त्याची किंमत सगळं घर.

बाबांनी एकदा खाणीतल्या मित्राकडून करड्या दगडाची चपटी खापरी आणली. तिच्यावर पानाचा ठसा होता. लांबट, जिभेच्या आकाराचं पान, मधोमध ठसठशीत शीर. ग्लॉसोप्टेरिस. कोळसा झाला त्या दलदलीच्या रानातलं, 25 कोटी वर्षांहून जुनं. तेव्हा हा प्रदेश, आफ्रिका, ऑस्ट्रेलिया, अंटार्क्टिका, सगळे एकाच भूखंडात होते, आणि त्या भूखंडाला एडुआर्ड स्यूसनं 1885 मध्ये जे नाव दिलं ते आमच्याच गोंडवनावरून. 1912 साली कॅप्टन स्कॉट आणि त्याचे सोबती दक्षिण ध्रुवावरून परतताना बर्फात गेले, तेव्हा त्यांच्याजवळ सुमारे सोळा किलो दगड सापडले. जीव जात असताना त्यांनी ते ओढत आणले होते. त्यांत हेच पान होतं. त्या दगडांचा विचार आला की अजूनही माझा घसा दाटतो.

खापरी दिव्याखाली धरून बाबा म्हणाले, ‘‘हा दिवा याच्यावरच चालला आहे.’’ त्या पानांनी तेव्हाचं ऊन धरून ठेवलं, ते ऊन कोळशात निजलं, आता बॉयलरमध्ये सुटतं आणि तारेतून घरी येतं. म्हणजे मी वेल्स वाचत होतो तो त्या जुन्या उन्हात. काळाचं यंत्र घरापासून हाकेच्या अंतरावर चिमण्या उंचावून उभं होतं. फक्त त्याला परत नेणारा दांडा नव्हता. एकदा आलेलं ऊन पुन्हा पानात जात नाही. राख होऊन तुळशीवर बसतं.

सिरोंचाला गेलो तो पुष्कळ वर्षांनी. आष्टीला वैनगंगा ओलांडली की सागाची सोबत सुरू होते, आणि आलापल्लीपुढे जंगल दोन्ही बाजूंनी रस्त्यावर वाकतं. सिरोंचाच्या बाजारात तेलुगू कानी पडते, प्राणहितेपलीकडे तेलंगण दिसतं. या तालुक्यातल्या पोचमपल्लीजवळ कलकत्त्याच्या भारतीय सांख्यिकी संस्थेच्या लोकांना एका अजस्र प्राण्याची हाडं मिळाली. तेव्हा हा सगळा मुलूख चांदा, म्हणजे चंद्रपूर जिल्ह्यातच होता. गडचिरोली वेगळा झाला 1982 साली. प्राण्याला 1975 मध्ये नाव मिळालं, बारापासॉरस टागोरेई. ‘बडो पा’ म्हणजे बंगालीत मोठा पाय, आणि खोदकाम चाललं ते 1961 हे रवींद्रनाथांच्या जन्मशताब्दीचं वर्ष, म्हणून टागोरेई. सुमारे चौदा मीटर लांब, शाकाहारी, ज्युरासिक काळातला. दात मिळाले, कवटी मिळाली नाही. सांगाडा कलकत्त्यात उभा आहे. ज्याच्या पायाखाली ही माती होती, तो इथे नाही, याची मला हळहळ वाटते. त्याचं एखादं हाड तरी इथल्या शाळेतल्या मुलांच्या नजरेसमोर असायला हवं होतं.

वेल्सचा प्रवासीही पुढच्या काळातल्या एका पडक्या संग्रहालयात शिरतो, तेव्हा धुळीत त्याला अशाच एका प्रचंड प्राण्याचा सांगाडा दिसतो. लहानपणी मी ते पान भराभर उलटलं होतं. आठ लाख वर्षं ओलांडून गेलेला माणूस शेवटी हाडांपुढेच उभा राहतो, हे याच तालुक्यातल्या वडधमच्या वाटेवर लक्षात आलं.

वडधमला झाडं आडवी पडली आहेत. दगडाची. कधीतरी नदीच्या गाळात गाडली गेली, हवा लागली नाही म्हणून कुजली नाहीत, आणि पाण्यातली सिलिका लाकडाच्या पेशीपेशीत उतरत गेली. लाकूड सरलं, आकार राहिला. मी एका खोडावर तळवा ठेवला. दुपारचं ऊन खाऊन ते चुलीच्या भिंतीसारखं तापलं होतं. आजीची पाठ अशीच गरम लागायची, चुलीपुढून उठून आली की.

तिथल्या राखणदारानं माझ्याकडे पाहिलं, आपली बाटली उघडली आणि खोडावर पाणी ओतलं. ‘‘आता पाहा,’’ तो म्हणाला. करड्या दगडातून लाकडाच्या रेषा वर आल्या. बारीक, ओल्या, गर्द तपकिरी, एखाद्या ताज्या कापलेल्या ओंडक्यासारख्या. मी वाकून बोटानं एक रेष धरली आणि तिच्यामागून जात राहिलो. ती संपायच्या आत पाणी सुकलं. राखणदारानं बाटली हलवून पाहिली. थोडं उरलं होतं. त्यानं तेही ओतलं.