बारिसालच्या तोफा

माणसाच्या कानाला कारणाची मोठी ओढ असते. डोळा एक वेळ अनोळखी वस्तूपुढे स्तब्ध उभा राहील. कानाला तेवढा धीर नाही. रात्री माळ्यावर काही खुडबुडले, की 'उंदीर असेल' असे म्हटल्यावाचून आपल्याला कूस बदलता येत नाही. उंदीर कोणी पाहिलेला नसतो. पण नाव मिळाले की झोप लागते. ज्या आवाजाला असे सोयीचे नाव देता येत नाही, त्याचे काय करावे? गंगा-ब्रह्मपुत्रेच्या मुखाशी राहणाऱ्या लोकांना हा प्रश्न पिढ्यान्पिढ्या पडत आला.

बारिसाल हे आजच्या बांगलादेशातील नदीकाठचे शहर. एकोणिसाव्या शतकात त्याचे नाव विज्ञानाच्या पत्रिकांतून गाजले ते एका गूढ आवाजामुळे. आभाळ स्वच्छ असावे, विजेचा मागमूस नसावा आणि दक्षिणेकडून, समुद्राच्या बाजूने, दूरवर तोफ डागल्यासारखा एक जड, दबका दणका यावा. कधी एकच, कधी लागोपाठ दोन-तीन. साहेबांनी त्याला 'बारिसाल गन्स' म्हटले. १८९० साली भूगर्भ सर्वेक्षण खात्यातील ला टूश यांनी त्यावर टिपण लिहिले. १८७१ साली सुंदरबनात हे आवाज प्रथम ऐकलेल्या जी. बी. स्कॉट यांनी १८९६ साली 'नेचर'मध्ये आपला अनुभव नोंदवला. त्याच्या आदल्याच वर्षी जॉर्ज डार्विन यांनी त्याच नियतकालिकातून विचारणा केली होती. हे भरती-ओहोटीचे अभ्यासक, सुप्रसिद्ध चार्ल्स डार्विन यांचे चिरंजीव. बेल्जमच्या किनाऱ्यावरही धुक्याच्या दिवसांत असेच दणके ऐकू येतात, तेव्हा या दोहोंचे नाते काय, असा त्यांचा प्रश्न होता.

मग कारणांची रीघ लागली. कोणी म्हणाले, किनाऱ्यावर फुटणाऱ्या लाटा. ही उपपत्ती आम्हां कोकणच्या माणसांना चटकन पटते. वारा पडलेल्या रात्री समुद्राची गाज किती आतपर्यंत येते, हे आम्ही जाणतो. पण समुद्रापासून शेकडो मैल आत, ब्रह्मपुत्रेकाठच्या चिलमारीलाही हे आवाज ऐकू येत. तेथे कोणती लाट पोहोचणार? कोणी म्हणाले, नदीची दरड कोसळत असेल. कोणी लग्नाच्या वरातीतील दारूकामावर संशय घेतला. कोणी भूकंपाचे नाव घेतले, तर कोणी गाळाखालून सुटणाऱ्या वायूचे. प्रत्येक कारण अर्ध्या वाटेपर्यंत सोबत करते आणि मग एखाद्या आडगावी आपल्याला एकटे टाकून परतते.

शास्त्र जेथे थबकते तेथे कल्पना बिनदिक्कत पुढे जाते. अमेरिकेतील सेनेका सरोवरावर असाच आवाज होतो. त्यावर फेनिमोर कूपरने १८५० साली गोष्ट लिहिली. त्याआधी, १८१९ मध्ये, वॉशिंग्टन आयर्विंगने 'रिप व्हॅन विंकल'मध्ये कॅट्सकिल डोंगरातील गडगडाटाला एक अख्खी अद्भुत सृष्टीच बहाल केली. त्याच्या कथेत हा गडगडाट म्हणजे जुन्या डच खलाशांची भुते डोंगरात चेंडूने खुंट्या पाडण्याचा खेळ मांडून बसतात त्याचा. आपल्याकडे तर इतके शोधण्याचीही गरज नाही. ढगांआड राहून लढणारा आणि गर्जनेखेरीज ज्याचा पत्ता लागत नाही असा योद्धा रामायणाने आपल्याला केव्हाच दिला आहे. बारिसालजवळून वाहणाऱ्या नदीचे नाव मेघना. माझे मन तेथून सहज मेघनादाकडे जाते. व्युत्पत्तीचा दावा मी करीत नाही. पण न दिसणाऱ्या धनुर्धराचा टणत्कार ऐकायचा झाला तर त्यासाठी याहून योग्य नदी नाही!

आमच्या कलकत्त्याच्या कचेरीतील एका ज्येष्ठ सहकाऱ्यांचे वडील मूळचे बारिसालचे. "तो आवाज कशाचा, असे ते म्हणत?" असे मी एकदा त्यांना विचारले. ते हसून म्हणाले, "बाबा एवढेच सांगत, की आवाज झाला म्हणजे सगळे क्षणभर बोलायचे थांबत." उत्तर ऐकून मी थोडा हिरमुसलो. पण मागाहून वाटले, की इतकी खरी साक्ष क्वचितच मिळते.

अशीच एक साक्ष इतिहासात अमर झाली आहे. ऑगस्ट १८८३ मध्ये हिंदी महासागरातील रॉड्रिग्ज बेटावर जेम्स वॉलिस नावाच्या पोलीस अधिकाऱ्याने पूर्वेकडून दूरच्या तोफांसारखे आवाज ऐकले आणि ते नोंदवून ठेवले. तोफा कुठल्याच नव्हत्या. सुमारे ४,८०० किलोमीटरवर क्राकाटोआ ज्वालामुखी फुटला होता आणि त्याचा आवाज सुमारे चार तासांनी तेथे पोहोचला होता. वॉलिसने पदरचे कारण घातले नाही. 'तोफांचा' न लिहिता 'तोफांसारखा' लिहिले. त्या 'सारखा'मध्ये सारे मोल आहे. बारिसालच्या आवाजाचे नाव ठेवताना तेवढाच शब्द गळला, आणि लोक तोफा शोधीत बसले.

तुम्ही-आम्ही नोंदी ठेवणारी माणसे. आपल्या तक्त्यांत 'कारण' हा रकाना असतो, आणि तो रिकामा राहिला की कागद परत येतो. म्हणून आपण तो भरतो; कधी माहितीने, कधी केवळ शाईने. पुढे येणाऱ्याला भरलेला रकाना दिसतो, आणि तो शोध तेथेच थांबवतो. रिकामा रकाना निदान त्याला हाक तरी मारतो.

२०२० साली उत्तर कॅरोलायनातील संशोधकांनी तिकडच्या किनाऱ्यावरील अशाच दणक्यांची भूकंपमापकांच्या नोंदींशी सांगड घालून पाहिली. भूकंपाशी मेळ बसेना. आवाजाचा उगम जमिनीत नसून वातावरणात असावा, एवढ्यापर्यंत ते आले. दीडशे वर्षांच्या चौकशीनंतर 'असावा' एवढेच हाती लागले, याचे मला वाईट वाटत नाही. हे 'असावा' त्या 'सारखा'चे सख्खे भावंड आहे. दोघेही अंगाने लहान, पण कधी खोटे बोलत नाहीत.