लॉर्ड्‌सवर ऊन, परळमध्ये रात्र

२५ जून १९८३, शनिवार. गिरणी संपाला दीड वर्ष होत आलं होतं. चाळीतली निम्मी कर्ती माणसं भातलावणीसाठी गावी गेलेली, त्यांत माझे काकाही. वडील मात्र इथेच होते, युनियनकडून काही कळेल या आशेवर.

आमच्या मजल्यावर टीव्ही एकच, बँकेत नोकरी करणाऱ्या शेजाऱ्यांचा. लाकडी शटरचा, कृष्णधवल. वरळीचं दूरदर्शन केंद्र २ ऑक्टोबर १९७२ ला सुरू झालेलं आणि परळहून फार लांब नाही, त्यामुळे चित्र बरं यायचं. तिथली माणसं स्टुडिओत बसून बातम्या वाचतात, हे वडिलांना मान्य होतं. पण विलायतेतला वर्ल्ड कपचा अंतिम सामना आत्ता, या घटकेला दिसतोय? "आधी घेऊन ठेवलेलं असणार," ते म्हणाले.

भारत १८३ वर आटोपला तेव्हा खोली अर्धी रिकामी झाली. शनिवारचा मराठी सिनेमा बुडाला म्हणून बायकांची कुरकुर चालली होती, ती वेगळीच. संधूचा चेंडू आत आला, ग्रिनिजने तो सोडला आणि दांडी गुल! गॅलरीतली माणसं पुन्हा आत घुसली. रिप्ले दाखवला तेव्हा एका आजींनी दुसरी विकेट मोजली. रिचर्ड्‌स मात्र ऐकेना. तेहतीस झाल्यावर त्याने मदनलालला उंच मारलं, आणि कपिल पाठमोरा धावत सुटला. तो झेल मला दिसलाच नाही. पुढचे सगळे उभे राहिले होते.

रात्रीचे अकरा वाजून गेले, तरी लॉर्ड्‌सवर लख्ख ऊन. "बघ," वडील म्हणाले, "आत्ताचं असतं तर अंधार नसता?" कॉलेजात जाणाऱ्या एका दादाने लंडन साडेचार तास मागे कसं, ते समजावलं. वडिलांचं समाधान झालं नाही. पण मग त्यांनी शेजाऱ्यांकडे पाहिलं. टीव्हीचे मालक, एरवी सगळं ठाऊक असल्यासारखे बोलणारे, डोळे मिटून पुटपुटत होते. पुढे काय होणार हे या खोलीत कुणालाच माहीत नव्हतं. तेव्हा वडील पुढे सरकून बसले.

१४० वर वेस्ट इंडीज संपलं. त्रेचाळीस धावांनी! मध्यरात्री खाली फटाके वाजले. दिवाळीचे कुणी राखून ठेवले होते कोण जाणे.

सकाळी वडिलांनी काकांना पोस्टकार्ड लिहिलं. अमरनाथची सात षटकं, बारा धावा, तीन बळी, सगळं आकड्यांसकट. संपाबद्दल त्यात ओळ नव्हती. कळवण्यासारखं काही घडलंच नव्हतं.