भिंत निळी की जांभळी?

मला चित्रकलेतलं कळतं, असा एक समज आमच्या नात्यागोत्यात पसरलेला आहे. त्याला कारण मी नसून आमचा टीपॉय आहे. या टीपॉयवर आधुनिक चित्रकारांवरची पाच जाडजूड पुस्तकं असतात. सेझान, मातिस, पॉल क्ली, व्हॅन गॉग आणि पिकासो. पिकासो सगळ्यांत खाली, कारण तो सगळ्यांत जड. आलेला पाहुणा चहा येईपर्यंत वरचं पुस्तक उघडतो, दोन पानं उलटतो, "वा!" म्हणतो, आणि चहा आला की त्याच पुस्तकावर बशी ठेवतो. डागांवरून सांगायचं तर आमच्याकडे सर्वांत लोकप्रिय चित्रकार मातिस आहे.

पण ही श्रीमंती अलीकडची. चित्रकलेचा इतिहास मी शिकलो तो गिरगावातल्या चाळीत, दोन खोल्यांत, आणि तो पहिल्यापासून शेवटपर्यंत काळापांढरा होता.

१९५८ साली दादाला नोकरी लागली तेव्हा मी दहा वर्षांचा होतो. दादा एलिमेंटरी आणि इंटरमिजिएट या चित्रकलेच्या दोन्ही परीक्षा 'ए' ग्रेडमध्ये पास झालेला. जे. जे. स्कूल ऑफ आर्टचा फॉर्मही आणून ठेवला होता. पण त्याच वर्षी वडील रिटायर झाले आणि दादा एका सरकारी कचेरीत चिकटला. फॉर्मच्या मागच्या कोऱ्या बाजूवर आईनं वाण्याचा हिशेब लिहिला. पहिल्या पगारात दादानं आईला लुगडं, वडिलांना छत्री आणि मला चेंडू आणला. स्वतःसाठी आणलं ते फ्लोरा फाउंटनच्या फूटपाथवरून तीन रुपयांना घेतलेलं चित्रकलेच्या इतिहासाचं एक इंग्रजी पुस्तक.

पुस्तकाची पहिली सोळा पानं नव्हती, त्यामुळे लेखक कोण ते आजतागायत कळलेलं नाही. इतिहास एकदम जोत्तोपासून सुरू व्हायचा. त्याच्याआधी जगात कुणी काही काढलंच नव्हतं, असं मी शाळेची सहल अजिंठ्याला जाईपर्यंत धरून चाललो होतो.

एकदा दुपारी आई ते पुस्तक चाळत बसली आणि माने या चित्रकाराच्या 'ऑलिंपिया'पाशी येऊन थबकली. बाई उघडी आहे याचं आईला तितकंसं वाटलं नाही. पण ती उघडी असून वर आपल्याकडेच रोखून बघते आहे, हे काही तिला खपलं नाही. १८६५ साली हे चित्र पॅरिसच्या प्रदर्शनात लागलं तेव्हा तिथले लोक चिडले, त्यात तिच्या त्या बघण्याचाही वाटा होता, हे मी पुढं वाचलं. म्हणजे कलासमीक्षक म्हणून आई पॅरिसच्या तोडीची होती. फरक इतकाच की पॅरिसवाल्यांनी नुसता आरडाओरडा केला, आईनं खळ करून ती दोन पानं एकमेकांना चिकटवून टाकली. परिणामी आमच्या घरच्या इतिहासात माने झालाच नाही. पुढं मोने नावाचा एक चित्रकार भेटायचा, पण शेवटच्या सूचीत मात्र माने आणि मोने अशी दोन्ही नावं दिसायची. ती छापखान्याची चूक आहे असं माझं ठाम मत होतं. कॉलेजात एका जाणकार मुलीसमोर मी ते मत मांडलं. त्यानंतर ती माझ्याशी फारशी बोलली नाही.

पुस्तकातून चित्रं बघण्याची आणखी एक गंमत म्हणजे तिथं सगळी चित्रं एकाच मापाची होतात. दालीचं ते वितळलेल्या घड्याळांचं चित्र आणि पिकासोचं 'गेर्निका', दोन्ही आमच्याकडे अर्ध्या पानात सुखानं नांदत होती. प्रत्यक्षात दालीचं चित्र २४ सेंटिमीटर बाय ३३, म्हणजे फुलस्केप कागदाहून जरासं रुंद. आणि 'गेर्निका' साडेअकरा फूट उंच आणि साडेपंचवीस फूट लांब! आमच्या दोन्ही खोल्या, मधली भिंत पाडून एक केल्या असत्या, तरी ते आत आलं नसतं. जिन्यातच अडकलं असतं.

पण दादाला खटकायचा तो रंग. किंवा रंग नसणं. जेवणं आटोपली की तो पुस्तक मांडीवर घेऊन बसायचा आणि "इथं हिरवा असणार रे," असं स्वतःशीच पुटपुटायचा. शेवटी एका रविवारी त्यानं सहा रंगीत पेन्सिलींची पेटी आणली आणि पाश्चात्त्य चित्रकला रंगवायला घेतली.

सुरुवात 'गेर्निका'पासून केली. १९३७ साली स्पेनमधल्या त्या गावावर विमानांतून बॉम्ब पडले, माणसं मेली, तेव्हा रक्त पाहिजेच. लाल पेन्सिल निम्मी संपली. घोडा तपकिरी, आकाशात ज्वाळा, बैलाला काळा. चाळीतली मंडळी बघून गेली. फार जिवंत झालं आहे, असं सर्वांचं मत पडलं. मग काही महिन्यांनी दादाच्या वाचनात आलं की पिकासोनं ते चित्र मुळातच काळं, पांढरं आणि करडं काढलेलं आहे. म्हणजे सबंध पुस्तकात जे एकच चित्र बरोबर छापलेलं होतं, नेमकं तेच आम्ही बिघडवलं होतं. दादानं रात्री उशिरापर्यंत खोडरबर घासला. पेन्सिलीचा रंग काही जात नाही. कागद मात्र घोड्याच्या पोटाशी फाटला.

तेव्हापासून तो पुराव्याशिवाय पेन्सिल उचलेना. जेवणाच्या सुट्टीत फोर्टातल्या एका लायब्ररीत जाऊन बसायला लागला. तिथं त्याला व्हॅन गॉगची पत्रं सापडली. हा व्हिन्सेंट आपल्या धाकट्या भावाला, थिओला, पत्रांतून चित्रांचे रंग एकेक करून सांगायचा. दादाच्या दृष्टीनं हे म्हणजे घरबसल्या जे. जे. होतं. ऑक्टोबर १८८८ मध्ये व्हिन्सेंटनं आर्ल गावातल्या आपल्या झोपायच्या खोलीचं चित्र काढलं. भिंती फिकट जांभळ्या, जमिनीच्या फरश्या लाल, पलंग ताज्या लोण्यासारखा पिवळा, पांघरूण लालभडक, असा सगळा तपशील त्यानं कळवला आहे. दादानं तो कचेरीच्या पाकिटामागे उतरवून आणला आणि पुस्तकातली खोली रंगवली. पेटीत जांभळी पेन्सिल नव्हती. म्हणून भिंतीला आधी निळी फिरवली आणि वरून हलक्या हातानं लाल.

मी मोठा झाल्यावर व्हॅन गॉग वेगळ्या रस्त्यानं माझ्याकडे आला. आयर्व्हिंग स्टोनची 'लस्ट फॉर लाइफ' ही कादंबरी मी पुण्याच्या होस्टेलवर एका रात्रीत वाचली आणि सकाळी दाढी करायचं बंद केलं. सुट्टीत घरी आलो तेव्हा वडिलांना त्या कान कापण्याची सविस्तर हकीकत सांगितली. ते म्हणाले, "कानाचं पुढं बघू. आधी केस काप." मी त्या काळात सारखा माझ्या अस्वस्थतेबद्दल बोलायचो. दर महिन्याला दादाला लांबलचक पत्र लिहायचो. पहिली तीन पानं कला आणि जीवन, चौथ्या पानावर मेसचं बिल. दादा मनिऑर्डर करायचा. थिओनंही जवळजवळ दहा वर्षं असेच पैसे पाठवले. मी सर्व बाबतींत व्हिन्सेंटसारखाच होतो, फक्त चित्रं तेवढी काढायची राहिली.

अशाच एका सुट्टीत मी एका परदेशी विमान कंपनीचं कॅलेंडर घेऊन आलो. त्यात ती झोपायची खोली रंगीत छापलेली. मी कॅलेंडर दादासमोर धरलं. भिंती स्वच्छ निळ्या होत्या.

"कॅलेंडरवाल्याची शाई बिघडली असेल," दादा म्हणाला.

"आणि तुझं पुस्तक तीन रुपयांचं!"

"पुस्तक नाही, पत्र. ज्यानं काढलं त्यानं लिहिलंय."

हा वाद आम्ही चाळीस-पंचेचाळीस वर्षं चालवला. दादाचं लग्न झालं, माझं झालं, आई-वडील गेले, दादा डोंबिवलीला राहायला गेला. दिवाळीला भेटलो की फराळानंतर भिंत निघायचीच. मधल्या काळात चांगली रंगीत पुस्तकं स्वस्त झाली आणि प्रत्येक पुस्तक माझ्या बाजूनं साक्ष द्यायचं. मी मुद्दाम नवी आणत गेलो. टीपॉयवरचा व्हॅन गॉग त्यातलाच. दादा एकेक पान नीट बघायचा, छपाई छान आहे म्हणायचा आणि पुस्तक परत करायचा. त्याचं ते तीन रुपयांचं पुस्तक वहिनींनी गिरगावाहून डोंबिवलीला धान्याच्या डब्यातून नेलं होतं. आता हे सांगताना आठवतं, व्हिन्सेंट १८९० च्या जुलैत गेला आणि सहा महिन्यांत थिओही गेला. तेव्हा ती शेकडो चित्रं आणि पत्रांचा ढीग सांभाळला तो थिओच्या बायकोनं, योहानानं, कडेवर एक वर्षाचं पोर असताना. १९१४ साली तिनं पत्रं छापून आणली. ती वहिनी नसती तर आमचे दादा जेवणाच्या सुट्टीत काय वाचत बसले असते?

२०१४ साली मुलीकडे हॉलंडला जाण्याचा योग आला. ॲमस्टरडॅमच्या व्हॅन गॉग म्युझियममध्ये मी इतर काही न बघता थेट त्या खोलीसमोर जाऊन उभा राहिलो. साधारण सव्वादोन फूट बाय तीन फूट. समोर खरं चित्र, मध्ये ना छापखाना ना कॅलेंडर. भिंती निळ्या. मी तिथल्याच दुकानातून पोस्टकार्ड घेतलं, त्यावर लिहिलं, "ती. दादास, सा. न. भिंती निळ्याच आहेत. डोळ्यांनी पाहिल्या. हरलास," आणि बाहेर पडल्यावर पहिल्या पेटीत टाकलं.

त्याच दुकानातून एक पुस्तकही घेतलं होतं. ते रात्री मुलीच्या घरी पलंगावर पडून वाचलं. त्यात असं होतं की या चित्राची डागडुजी २०१० मध्ये झाली, तेव्हा तज्ज्ञांनी रंग बारकाईनं तपासले. भिंती मुळात जांभळ्याच होत्या. व्हिन्सेंटनं निळ्यात लाल मिसळून तो जांभळा केला होता. पण तो लाल उजेडाला टिकणारा नव्हता. वर्षानुवर्षांच्या उजेडानं तो उडाला आणि मागे निळा राहिला.

मुलगी म्हणाली, "बाबा, झोपला नाहीत?" मी म्हटलं, "इथं टपालपेटी उघडतात किती वाजता?"

महिन्याभरानं परत आलो आणि दुसऱ्या दिवशी डोंबिवली गाठली. पोस्टकार्ड माझ्याआधी पोचलेलं होतं. वहिनी म्हणाल्या, "भावजी, काय लिहिलंत हो ते? चार दिवस पुस्तक घेऊन बसले होते." दादानं पुस्तक काढून माझ्यापुढे केलं. झोपायची खोली उघडली. सत्तरी उलटलेल्या हातानं, नातवाच्या पेन्सिलीनं, दादानं त्या भिंतीवर एकसारखा निळा रंग फिरवला होता. कुठं रेघ बाहेर गेलेली नव्हती.

"तू प्रत्यक्ष बघून आलास," तो म्हणाला. "मग प्रश्नच मिटला."

मी चहा होईपर्यंत गप्प बसलो. मग सगळं सांगितलं. तज्ज्ञ, तपासणी, उडालेला लाल. दादानं चष्मा काढला, पुसला, परत लावला. मला वाटलं, आता चाळीस वर्षांचं व्याज वसूल करणार.

"निळा राहिलाय ना?" त्यानं विचारलं. "लाल तेवढाच उडालाय?"

"हो."

"मग काही बिघडलेलं नाही," असं म्हणून त्यानं आतल्या खोलीकडे तोंड करून नातवाला हाक मारली, "अरे, ती लाल पेन्सिल घेऊन ये रे जरा!"