पावसाचा ताळेबंद

नगर शहर मागे पडले आणि आमची मोटार माळरानातून धावू लागली, तेव्हा सकाळचे नऊ वाजत आले होते. पौषातली थंडी अजून ओसरली नव्हती. दोन्ही बाजूंना खडकाळ, उघडे माळ. कोठे कोठे बाभळीचे खुरटे झाड, मधूनच मेंढरांचा एखादा कळप. हा सारा पर्जन्यछायेचा मुलूख. सह्याद्री ओलांडताना ढग आपले ओझे पलीकडेच उतरवून येतात. इकडच्या वाट्याला वर्षाकाठी जेमतेम चारशे मिलिमीटर पाऊस येतो, तोही लहरीने. मग एका वळणानंतर डोंगराच्या उतारावर झाडी दिसू लागली, खाली कांद्याचे वाफे आणि हरभऱ्याचे हिरवे पट्टे दिसले, आणि सौ. म्हणाल्या, “आले वाटते तुमचे गाव.”

हिवरे बाजारविषयी काहीच वाचलेले नाही असा मराठी वाचक विरळा. मीही पुष्कळ वाचले होते. तरी प्रत्यक्ष जावेसे वाटले, त्याला एक खासगी कारण होते.

सेवानिवृत्तीनंतर मी आमच्या भागातील ज्येष्ठ नागरिक संघांत हवामानबदल या विषयावर व्याख्याने देऊ लागलो. वाणिज्य शाखेचा विद्यार्थी आणि आयुष्यभर आकड्यांत वावरलेला, त्यामुळे तयारी आकड्यांचीच. औद्योगिक क्रांतीपूर्वी हवेच्या दहा लाख भागांत कार्बन डायऑक्साइडचे सुमारे २८० भाग होते, आज ते ४२० च्या वर गेले आहेत. २०१५ साली पॅरिसमध्ये जगाने तापमानवाढ दीड अंशाच्या आत राखण्याचे ध्येय ठरवले, आणि २०२४ हे संपूर्ण वर्ष त्या दीड अंशाच्या पलीकडे गेले. पडद्यावर वितळणारे हिमनग दाखवीत असे. श्रोते हळहळत, टाळ्या वाजवीत. नंतर चहा येई, तो प्लास्टिकच्या पेल्यांतून. एकदा पहिल्या रांगेतील एक वृद्ध गृहस्थ उठून म्हणाले, “साहेब, सगळे पटले. आता मी उद्या सकाळी उठून नेमके काय करू?” मी झाडे लावा, विजेची बचत करा, असे काहीतरी पुटपुटलो. ते नम्रपणे खाली बसले. त्यांचे समाधान झाले नव्हते, आणि माझेही.

तो प्रश्न मनात घेऊन मी हिवरे बाजारला आलो होतो.

गावाचा पूर्वेतिहास थोडक्यात सांगतो. १९७२ च्या दुष्काळानंतर या गावाची घडी विस्कटली. डोंगर बोडके झाले, विहिरी आटल्या, दारूच्या भट्ट्या आल्या आणि माणसे मजुरीसाठी बाहेर पडली. १९८९ च्या सुमारास गावकऱ्यांनी पोपटराव पवार या गावातल्याच उच्चशिक्षित तरुणाला सरपंच केले. ते एम. कॉम. आहेत, हे कळल्यावर मला उगाचच भाऊबंदकीचा आनंद झाला. पुढे राज्य शासनाच्या आदर्श गाव योजनेत गावाची निवड झाली. श्रमदान, चराईबंदी, कुऱ्हाडबंदी, नशाबंदी, कुटुंबनियोजन ही सूत्रे गावाने स्वीकारली. डोंगरउतारावर सलग समतल चर खोदले, नाल्यांवर बांध घातले, पाझर तलाव बांधले. गेलेली कुटुंबे परत आली. १९९५ मध्ये दारिद्र्यरेषेखाली १६८ कुटुंबे होती, ती पुढे बोटांवर मोजण्याइतकी उरली. हे सारे सर्वश्रुत आहे.

मला पाहायचा होता तो त्या गावाचा पाण्याचा ताळेबंद.

दरवर्षी पावसाळा सरला की येथे ग्रामसभा भरते. गावात पर्जन्यमापके आहेत, काही विहिरी निरीक्षणासाठी ठरवून दिलेल्या आहेत. पाऊस किती झाला आणि भूजलाची पातळी कोठे आहे, यावरून यंदा गावाच्या खात्यावर एकूण पाणी किती जमा झाले ते मांडले जाते. मग खर्चाची बाजू. पहिला हक्क माणसांच्या आणि गुराढोरांच्या पिण्याच्या पाण्याचा. नंतर घरगुती व इतर वापर. त्यातूनही काही भाग पुढील वर्षासाठी राखून ठेवायचा. आम्ही बँकेत ज्याला राखीव निधी म्हणतो तोच हा. हे सगळे वजा जाता उरेल ते शेतीचे, आणि त्यावरून यंदा कोणते पीक घ्यायचे ते ठरते. पाऊस बरा झाला असेल तर रब्बीत कांदा, भाजीपाला. हात आखडता असेल तर ज्वारी, हरभरा, कमी पाण्यावर येणारे काहीही. ऊस, केळी यांसारख्या तहानलेल्या पिकांना मज्जाव. शेतीसाठी बोअर घेण्यास बंदी.

तेथेच एका ओट्यावर बसून मी खिशातल्या कागदावर हिशेब केला. एक हेक्टर जमिनीवर एक मिलिमीटर पाऊस पडला म्हणजे दहा हजार लिटर पाणी झाले. गावाचे क्षेत्र सुमारे ९७६ हेक्टर. म्हणजे एका मिलिमीटरला जवळजवळ ९८ लाख लिटर, आणि चारशे मिलिमीटरला ३९० कोटी लिटर. आकडा पाहून मी थक्क झालो. ज्या मुलखाला आपण पाण्याचा भिकारी समजतो, त्याच्या एका लहानशा गावावर एवढी ठेव दरवर्षी आकाशातून जमा होते! अर्थात ती सगळी हाती लागत नाही. उन्हाने उडते, पिके आणि झाडे पितात, ओढ्याने वाहून जाते.

या वाहून जाण्यातच हवामानबदलाची गाठ पडते. हवा एक अंशाने तापली की ती सुमारे सात टक्के अधिक बाष्प धरू शकते. म्हणून पाऊस कोसळतो तेव्हा पूर्वीपेक्षा जोराने कोसळतो, आणि दोन पावसांमधील उघडीप लांबते. वर्षाची बेरीज तीच दिसली तरी चार तासांत पडलेला पाऊस उघड्या डोंगरावरून माती घेऊन निघून जातो. तोच चराने अडवला, तर जमिनीत मुरतो. हे मी व्याख्यानात अनेकदा सांगितले होते. पण चराच्या काठावर उभे राहून, त्यातला ओलसर गाळ पायाखाली दबताना ते मला पहिल्यांदाच नीट कळले असे वाटते.

ओट्यावर शेजारी एक वृद्ध शेतकरी ऊन खात बसले होते. माझा कागद पाहून त्यांनी विचारले, “काय मांडताय, साहेब?”

मी सांगितले आणि ओघात हवामानबदलाचा विषयही काढला. त्यांनी शांतपणे ऐकून घेतले. म्हणाले, “तुमचं जगाचं खरं असेल. आम्हाला आपलं शिवारातलं कळतं. पाऊस किती झाला ते लेकराला ठावं असतं, अन् यंदा गहू करायचा का नाही ते ग्रामसभेत ठरतं. मग शेजाऱ्यानंबी नाही केला म्हटल्यावर आपल्याला जड जात नाही.”

थोड्या वेळाने त्यांनी विचारले, “तुम्ही काय करत होता?”

“बँकेत होतो. शेतीकर्ज विभागात बरीच वर्षे काढली.”

“मग बोअरला कर्ज देत असाल.”

होय म्हणताना माझा आवाज उतरला, हे येथे नमूद केले पाहिजे. एका दुष्काळी तालुक्यातील शाखेत मी व्यवस्थापक असताना बोअरसाठी किती कर्जे मंजूर केली, त्याची मोजदाद नाही. प्रकरणात जामीनदार, सातबारा, परतफेडीची क्षमता, सारे काटेकोर तपासले जाई. भूजलाविषयीची बाब मात्र आम्ही उपचारापुरती उरकीत असू. एका शेतकऱ्याला एकाच शेतात तिसऱ्या बोअरसाठी मी कर्ज दिले. पहिली दोन कोरडी गेली होती. शेजाऱ्याने खोल घेतली म्हणून याने त्याहून खोल. तिसरीलाही फुफाटाच लागला. वसुलीसाठी मीच त्याच्या दारी गेलो, तेव्हा त्याच्या पत्नीने आम्हाला पाणी दिले होते, तांब्या अर्धा भरून. माझ्या शाखेचे उद्दिष्ट त्या वर्षी पूर्ण झाले आणि मला प्रशस्तिपत्र मिळाले.

प्रत्येक प्रकरण स्वतंत्रपणे पाहिले तर निर्दोष होते. सगळी मिळून त्या तालुक्याच्या पोटातले पाणी किती, हा प्रश्न कोणाच्याच टेबलावर नव्हता.

म्हाताऱ्यांना मी हे सगळे सांगितले नाही. ते मात्र समजल्यासारखे म्हणाले, “असू द्या. आमच्याबी गावानं आधी सगळं करून पाहिलंय.”

हिवरे बाजारचे गोडवे गाताना हातचे राखणेही आवश्यक आहे. हे लहान गाव आहे आणि त्याला एकच खंबीर नेतृत्व दीर्घकाळ लाभले. पाहायला येणाऱ्यांची रीघ लागते, पण परत जाऊन तसे करणारी गावे थोडी. याच जिल्ह्यात उसाचे फड दिमाखाने उभे आहेत. शिवाय पावसाचा हिशेब ठेवल्याने कोळशावरची वीजकेंद्रे बंद होत नाहीत. गाव स्वतःला सावरू शकते, आकाश दुरुस्त करू शकत नाही. ते काम आपणा शहरवासीयांचे, कारण धूर मुख्यत्वे आपला आहे. पण त्या पहिल्या रांगेतल्या गृहस्थांना मी काय द्यायला हवे होते, ते मला ओट्यावर बसल्या बसल्या उमगले. त्यांना हिमनग नको होता. त्यांना त्यांच्या स्वतःच्या खात्याचा उतारा हवा होता, आणि सर्वांनी मिळून निर्णय घेण्याची एक जागा.

परतीच्या वाटेवर सौ. म्हणाल्या, “तुमच्या तासाभराच्या व्याख्यानापेक्षा त्यांचा हिशेब बरा.” मी वाद घातला नाही.

घरी आल्यावर मी आमच्या गृहनिर्माण संस्थेच्या सचिवांकडून वर्षभराची टँकरची आणि सामायिक विजेची बिले मागून घेतली. सूचनाफलकावर एक कागद लावला. त्यावर उपदेशाचे एक वाक्यही लिहिले नाही. महिना, टँकर किती, युनिट किती, आणि प्रत्येक सदनिकेच्या वाट्याला किती रुपये, एवढेच. दुसऱ्या दिवशी कोणीतरी तो काढून टाकला. मी पुन्हा लावला. तिसऱ्या आठवड्यात खालच्या मजल्यावरील एका भगिनींनी दार वाजवून विचारले, “काका, मार्चमध्ये टँकर एकदम वाढलेत, ते का?” गच्चीवर जाऊन पाहिले, तर टाकीचा फ्लोट व्हॉल्व्ह बिघडला होता आणि रात्रभर पाणी पन्हाळीतून वाहत होते. किती महिन्यांपासून, कोण जाणे.

येत्या रविवारी सभासदांची बैठक बोलावली आहे. विषय एकच ठेवला आहे: छतावर पडणारा पाऊस. आमच्या छताचे क्षेत्रफळ मी मोजून ठेवले आहे.