अनिकेतांचे गाव

गुरू ग्रहावर माणूस कधी पाऊल ठेवील का, असे मला कुणी विचारले तर मी ‘नाही’ म्हणेन. प्रश्न अंतराचा नाही, धाडसाचाही नाही. पाऊल ठेवायला तिथे जमीनच नाही. ढगांखाली ढग, त्यांच्याखाली अधिक दाट आणि अधिक तापलेला वायू, आणि पुढे तो वायूच नकळत द्रवासारखा होत जातो. ‘इथे आकाश संपले आणि धरणी सुरू झाली’ असे बोट ठेवून दाखवावे, अशी रेघ त्या वायूत कुठेच नाही. लग्न जमवताना मराठी घरात आणि कानडी घरात सारख्याच काळजीने ज्याचे बळ पाहतात, तो गुरू स्वतः असा निराधार आहे!

७ डिसेंबर १९९५ रोजी गॅलिलिओ यानाने सोडलेली एक कुपी या आकाशात शिरली आणि पॅराशूटच्या आधाराने खाली जाऊ लागली. सुमारे ५८ मिनिटे ती संदेश पाठवीत राहिली. ताशी सहाशे किलोमीटरहून अधिक वेगाचे वारे तिने अनुभवले. संदेश थांबले तेव्हा बाहेरचा दाब आपल्या समुद्रसपाटीवरील हवेच्या बावीसपट झाला होता आणि तापमान दीडशे अंश सेल्सिअसवर गेले होते. ती कशावर आदळली नाही. पडता पडताच मुकी झाली.

अशा ठिकाणी कुणी राहत असेल का? कॉर्नेल विद्यापीठातील कार्ल सेगन आणि एडविन सॉल्पीटर या शास्त्रज्ञांनी १९७६ साली हा प्रश्न गंभीरपणे घेतला. बुडणारे, तरंगणारे आणि शिकार करणारे असे जीव त्यांनी गणिताच्या चौकटीत कल्पून पाहिले. बुडणाऱ्यांची एकच अट होती : खालच्या भट्टीत होरपळण्याआधी आपली पिल्ले वरच्या गारव्यात सोडून जायची. तरंगणारे तर कित्येक किलोमीटर रुंदीचे असू शकतील, असा त्यांचा हिशेब होता. असा एकही जीव तिथे असल्याचा पुरावा आजवर मिळालेला नाही. पण कल्पनेलाही नियम पाळून उडता येते, हे मला त्यांच्यामुळे समजले.

मग मीही एक प्राणी कल्पिला. नाव ठेवले ‘अनिकेत’, म्हणजे ज्याला घर नाही तो. (आमच्या वर्गात या नावाचे दोघे आहेत. त्यांनी रागावू नये.) त्याला फुगा न देता मी पंख दिले, याला कारण आहे. आपल्याकडे हायड्रोजनचा फुगा वर जातो, कारण भोवतालची हवा त्याहून जड असते. गुरूवरची हवाच मुळी हायड्रोजनची, त्यात थोडा हेलियम. तिथे तरंगायचे तर पोटातला वायू सतत तापता ठेवावा लागेल, आणि ऊन पोचते ते आपल्या उन्हाच्या सत्ताविसाव्या हिश्शाइतके. पंखांना मात्र वर चढणारा वारा पुरतो, आणि ग्रहाच्या पोटातून येणाऱ्या उष्णतेमुळे असे वारे तिथे आहेत. उन्हाळ्यात आपली घार पंख न हलवता घिरट्या घालते, तसा अनिकेत घालील. वरच्या ढगांपाशी हवा विरळ आणि अंगाचे वजन इथल्या जवळजवळ अडीचपट, म्हणून त्याचे पंख लांबच लांब. त्याचा दिवस आणि रात्र मिळून दहा तासही भरत नाहीत.

आपल्या पृथ्वीवर त्याचे सर्वांत जवळचे नातलग म्हणजे पाकोळ्या. युरोपातील एका जातीच्या काही पाकोळ्या सलग दहा महिने कुठेही न टेकता उडत राहतात, असे स्वीडनमधील संशोधकांनी २०१६ साली दाखवून दिले. पण अंडी घालायला त्यांनाही भिंतीची फट किंवा वळचण लागते. अनिकेताला तेवढीही नाही. त्याचे पिल्लू आईच्या पाठीवर जन्मते आणि पहिले पडणे हाच त्याचा पहिला धडा असतो. आई तेव्हा खालून उडत असते.

हे सगळे मी एकदा आजीला सांगितले. ती तांदूळ निवडत होती. म्हणाली, “पंख हाईत खरं, टेकत्यात कुठं?”

“कुठंच नाही.”

“मग त्यास्नी गाव न्हाई म्हण की,” म्हणाली, आणि पुन्हा तांदळात बघू लागली.

आजीचे गाव तिच्या तरुणपणी धरणाच्या पाण्याखाली गेले. कडक उन्हाळ्यात पाणी ओसरले की देवळाच्या दोन पायऱ्या तेवढ्या दिसतात. रेशन कार्डावर आमचा पत्ता वसाहतीचा आहे. पण ‘गाव कुठलं?’ म्हणून कुणी विचारले तर आजी त्या बुडालेल्या गावाचे नाव सांगते. ‘गाव न्हाई’ हे शब्द तिच्या तोंडून सहज आले असतील, असे मला वाटत नाही.

म्हणून अनिकेतांना गाव द्यायचेच, असे मी ठरवले. प्रथम डोळ्यांसमोर आला तो गुरूवरचा तांबडा डाग. निदान दीडशे वर्षे माणूस ज्याला सतत पाहत आला आहे, असे ते वादळ. जमीन नसताना टिकून राहिलेली ती जागाच म्हणायची. पण एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस सुमारे चाळीस हजार किलोमीटर रुंद असलेला तो डाग आता सोळा हजारांच्या आसपास आला आहे. त्याच्या भरवशावर गाव कसे वसवायचे?

तेव्हा आवाजाचे गणित आठवले. हायड्रोजनसारख्या हलक्या वायूत आवाज इथल्यापेक्षा सुमारे तिपटीने वेगात धावतो. म्हणजे ढगांच्या त्या धुक्यात, एकमेकांना न दिसताही, अनिकेत एकमेकांना हाक मारू शकतील. वारा सगळ्यांना घेऊन कुठेही जावो, हाकेला ओ मिळते तोवर गाव. आपण मराठीत ‘हाकेच्या अंतरावर’ म्हणतोच की!

आमच्या वसाहतीत सगळी घरे एका सपाट माळावर, एका रांगेत आहेत. वर काही नाही आणि खालीही काही नाही. तरी आजी शेजारणीला आजही ‘वरल्या आळीची’ म्हणून हाक मारते, आणि ती ओ देते. वरली आळी पाण्याखाली आहे, हे दोघींनाही ठाऊक आहे. अनिकेतांचे गाव मी अशाच हाकांचे वसवले आहे.