बरणीत भरलेलं दुःख

टॉम मूर यांचा ‘साँग ऑफ द सी’ (2014) हा आयरिश अ‍ॅनिमेशनपट मुलांचा म्हणून ओळखला जातो. माझी नजर मात्र त्यातल्या बापावरच खिळून राहते. हा बाप, कोनॉर, एका बेटावरचं दीपगृह सांभाळतो. मुलीच्या जन्माच्या रात्री त्याची बायको समुद्रात निघून गेली, तेव्हापासून तो घरात असून नसल्यासारखा. मारत नाही, ओरडत नाही. मुलीचा वाढदिवस म्हणजे बायको गेल्याचाही दिवस. त्या संध्याकाळी तो बेट सोडून पलीकडच्या पबात जाऊन बसतो.

बाबांना काय झालंय, हे त्याच्या दहा वर्षांच्या मुलाला, बेनला, कुणी सांगत नाही. मग तो स्वतःच ठरवतो: सहा वर्षांच्या, अजून न बोलणाऱ्या बहिणीमुळे, सर्शामुळे आई गेली. मुलांच्या कल्पनाशक्तीचं आपण फार कौतुक करतो. मोठ्यांनी गाळलेल्या जागा ती भरते खरी, पण आधी कुणालातरी गुन्हेगार ठरवून.

पुढे हीच कल्पनाशक्ती बेनला वाटही दाखवते. आईच्या गोष्टींतली माखा ही घुबड-चेटकीण परीलोकातल्यांचं दुःख बरण्यांत भरून ठेवते आणि ते दगड होतात. स्वतःच्या मुलाचं, माक लिर या राक्षसाचं रडणं तिला बघवेना, म्हणून तिने त्यालाही दगड केलं. माखाला आणि बेनच्या आजीला एकच आवाज आहे, फिओनुला फ्लॅनगन यांचा. राक्षसाला आणि बापाला ब्रेंडन ग्लीसन यांचा. म्हणजे बेनने घरातलीच माणसं गोष्टीत नेऊन बसवली आहेत. यातली आजी दुष्ट नाही, हे मला फार आवडलं. भल्यासाठीच ती मुलांना शहरात नेते. आपल्याकडे नाही का, घरात कुणाचं मन बिघडलं की पोरांना चार दिवस मामाकडे धाडतात!

शेवट मात्र मला पटत नाही. एका रात्रीत, एका गाण्याने बाप भानावर येतो. लोककथेत ते चालतं. नैराश्य असं उतरत नाही. औषध, उपचार लागतात, बरे-वाईट दिवस येत-जात राहतात, आणि मुलाच्या शहाणपणाने बाप बरा होत नसतो.

म्हणून हा चित्रपट मुलांना जरूर दाखवा, पण सोबत बसून. आणि घरात खरंच कुणी असं गप्प झालं असेल, तर मुलाला सरळ सांगा: हा आजार आहे, आणि तो तुझ्यामुळे झालेला नाही.