दुष्ट शेक किनचं देणं

हौशी रंगभूमीवर मी आयुष्यभर मार खाल्ला. नायक कुणीही असो, शेवटच्या अंकात त्याच्या हातून आडवं व्हायचं काम माझ्याकडे. या कामात कमीपणा नाही, हे मला पटवलं हाँगकाँगच्या शेक किन यांनी. भेट अर्थात पडद्यावरचीच. ‘एंटर द ड्रॅगन’मधला पंजेवाला हान आठवतो ना? तेच ते.

थिएटरात गेलो होतो ब्रूस लीसाठी, पण पुन्हा पुन्हा पाहताना नजर हानवरच खिळू लागली. आरशांच्या खोलीतली ती शेवटची मारामारी घ्या. आधी पात्यांचा पंजा मिरवणारा हा माणूस, ली एकेक आरसा फोडू लागताच डोळ्यांनी खचत जातो. लीचा पराक्रम आपल्याला खरा वाटतो तो या चेहऱ्यामुळे. १९७३ साली शेक किन साठीला टेकले होते. इंग्रजी संवादांचा आवाजही त्यांचा नव्हता, तो की ल्यूक या नटाचा. त्यांच्या हाती उरलं होतं फक्त अंग आणि डोळे.

त्यामागे तालीम दांडगी होती. जिंगवू संस्थेत कुंगफू शिकलेला हा गडी सिनेमात आला तो रंगभूषेच्या उमेदवारीतून. १९४९पासून क्वान ताक-हिंग नायक असलेली, कुंगफू गुरू वाँग फेई-हुंगवरची चित्रपटमालिका सुरू झाली आणि खलनायक म्हणून शेक किन यांचं नाव ठरूनच गेलं. लोक त्यांच्या नावाला ‘दुष्ट’ जोडूनच बोलत. आपल्याकडे पडद्यावरच्या खलनायकीपायी निळूभाऊ फुल्यांना बायका शिव्या घालायच्या, तशीच ही पावती. दोघंही २००९ मध्ये गेले. शेक किन जूनमध्ये, निळूभाऊ जुलैत.

मी त्यांच्याकडून उचललं ते एवढंच: फटका येण्याआधी पडायचं नाही. नायकाचा हात गालापासून वीतभर लांबून जातो. ‘फाट्’ आवाज मीच काढतो, प्रेक्षकांच्या आड छातीपाशी टाळी मारून. पण त्याआधी क्षणभर डोळ्यांत धास्ती दिसली पाहिजे, नाहीतर सगळा पोरखेळ. एका प्रयोगानंतर एक आजोबा आत येऊन नायकाला म्हणाले, “हात जड आहे हो तुमचा!” मला त्याहून मोठं बक्षीस मिळालेलं नाही.

जॅकी चॅनच्या ‘द यंग मास्टर’मध्ये (१९८०) शेक किन चक्क पोलीस अधिकारी आहेत, तोही जरूर बघा. पण आधी हान बघा, आणि या खेपेला ब्रूस लीकडे थोडं दुर्लक्ष करा.